अकरा सेकंद

आमच्या गल्लीत उद्याची चादर कुठल्या रंगाची
ते आज नाल्यावरून कळायचं.
शाळेत जाताना भाग्या येमूल वाकून बघायची,
म्हणायची, "आज डाळिंबी. उद्या बाटलीहिरवा येतोय बघ."
पैजेत ती कधी हरली नाही.

पहिला सिनेमा त्या नाल्याचाच.
कॅमेरा अशोक चौकातल्या स्टुडिओचा, लग्नांचा,
मुहूर्त नसेल त्या रविवारी मिळायचा.
बावीस मिनिटं. निवेदन नाही.
शेवटी रंगखात्यातले दोन हात,
कोपरापर्यंत निळे,
साबणानं घासून घासून निळेच.

सिनेमा पुण्याला गेला, दिल्लीला गेला.
हात ओळखले ते इथल्याच मालकानं.
दुसऱ्या सोमवारी नरसय्या येमूल घरी बसले.
ते तिचे वडील.
हे मी आधी सांगायला हवं होतं.
तिनंही आधी सांगायला हवं होतं, त्यांना.
आई विड्या वळता वळता म्हणाली,
"तोंड दाखवलं नाहीस तेवढं बरं केलंस."
वडील काही बोलले नाहीत.
रंगखात्याआधी पंचवीस वर्षं मागावर काढलेला माणूस,
तसंही त्यांना कमीच ऐकू यायचं.

मी मल्लिनाथ. आवाज धरतो.
पुढची नऊ वर्षं आम्ही नान्नजच्या माळावर.
पहाटे चारला मोटारसायकल, डब्यात कडक भाकरी, शेंगाचटणी,
मोज्यांत घुसलेली कुसळं.
माळढोक दिसला एकूण सात वेळा,
त्यातला चारदा पाठमोरा.
बाकी गवत.
वाऱ्यातलं, उन्हातलं, वाळलेलं, जळलेलं,
आणि गवताच्या कडेला
दर साली थोडा आत सरकलेला ऊस,
मग बोअर, मग तारा,
मग प्लॉटिंगचे चुना लावलेले दगड.
"त्याला कुणी मारत नाही रे मल्ल्या," ती म्हणायची,
"नुसतं सातबाऱ्यातून वगळतात."

परवानगी, परवानगीचं नूतनीकरण, साहेबाची बदली,
नवा साहेब: "मॅडम, तुम्ही वाघावर का नाही करत?"
वाघाला पैसे होते. वाघाला परदेशी चॅनेल होतं.
आम्हाला अक्कलकोट रोडवरची मंगल कार्यालयं होती.
वैशाखात अक्षता, ड्रोन, नवरीची एंट्री,
त्या पैशातून आषाढात गवत.

एका श्रावणात, ढग खाली उतरलेले, वारा पडलेला,
तो घुमला.
कानाला नंतर कळलं, आधी बरगड्यांना.
रिकाम्या रांजणावर कुणी लांबून फुंकर घालावी तसा.
अकरा सेकंद मिळाले,
मग रस्त्यावरून डीजेचा टेम्पो गेला.
कॅमेऱ्यात तेव्हा फक्त गवत.
पुढच्या पावसाळ्यातही आम्ही बसलो.
त्याच्या पुढच्याही.

सोलापुरात खेळ लावला तेव्हा माणसं चाळीस.
मागच्या रांगेतून एक पोरगा ओरडला,
"काय बे, पिक्चर चालू झाला का नाही अजून?"
सगळ्यात मोठ्यानं भाग्याच हसली.
घरी आल्यावर मात्र जेवली नाही.

माडीवर आम्ही पुन्हा तोच तुकडा कापत बसलो होतो,
टेम्पो काढता येतो का बघत.
नरसय्या चहा घेऊन वर आले,
जिन्यानं दमलेले,
आधाराला हात ठेवला तो नेमका स्पीकरवर.

आणि तसाच राहू दिला.

अकरा सेकंद संपले.
त्यांनी आमच्याकडं बघितलं, मग हाताकडं,
आणि तेलुगूत म्हणाले, पुन्हा लाव.
तिनं लावलं.
पुन्हा लाव.
मी मोजत नव्हतो, पण पंधराएक वेळा तरी.
नखांच्या मुळाशी अजून थोडं निळं होतं.
"केवढा आहे हा?" त्यांनी विचारलं.
तिनं जमिनीपासून कमरेपर्यंत हात नेऊन दाखवलं.
ते बराच वेळ त्या उंचीकडं बघत राहिले,
जणू तिथं कुणी उभं आहे.

चहा निवला म्हणून कपबश्या घेऊन खाली गेले.
कॅमेरा बॅगेत होता, बॅटऱ्या चार्जिंगला.
संध्याकाळी कुंभारीला हळद होती.